दाराआडचा सबक

शहनाझकडे अरबी शिकायला येणारी मुलं हॉलमध्ये एका सुरात सबक, म्हणजे धडा, म्हणत होती. ती पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेली, तर दारामागे फरशीवर रुकय्या बसलेली. मांडीवर कायदा, म्हणजे अरबी अक्षरं शिकायचं लहान मुलांचं पुस्तक. बाहेर मुलं "बे जबर ब" म्हणाली की ही ओळीवर बोट ठेवून ओठांतल्या ओठांत तेच म्हणायची. मुलं अडली की हीही थांबायची.

शहनाझला पाहून ती दचकली नाही. उलट तोंडभर हसली आणि हातानंच खूण केली: तुमचं चालू द्या.

रुकय्या जोसेफ त्यांच्याकडे राहायला येऊन वर्ष उलटून गेलं होतं. शारजातला दोन खोल्यांचा फ्लॅट. मुलगी लग्न होऊन मस्कतला गेल्यावर एक खोली रिकामीच पडून होती. रुकय्या शाळेत केजीला शिकवायची, आणि शहनाझ त्याच शाळेच्या बसवर मुलांना चढवायचं-उतरवायचं काम करायची. ओळख बसमध्येच झाली. ग्रेनाडा, असं तिनं आपल्या बेटाचं नाव सांगितलं तेव्हा शहनाझला काही बोध झाला नाही. तिच्या नवऱ्याला, नूरुद्दीनला मात्र लगेच कळलं. वेस्ट इंडिज, क्रिकेटवाले, तो म्हणाला. पण तिथं मुसलमानही असतात, हे त्यालाही नवीन होतं.

होते मूठभर. जुम्म्याला मशिदीत दोन-तीन ओळी भरतात, इमाम एरवी टॅक्सी चालवतात, आणि सुट्टी मागायला गेलं की साहेबाला दरवर्षी ईद म्हणजे काय इथपासून सांगावं लागतं, असं रुकय्या हसत सांगायची. आडनाव जोसेफ, कारण आजोबा जोसेफ होते. जहाजावर कामाला असताना ते मुसलमान झाले आणि आडनाव बदलायचं राहून गेलं. तिच्या घरामागे जायफळाची झाडं होती हे ऐकून शहनाझ हरखली. श्रीवर्धनला तिच्या माहेरच्या वाडीतही होती. जायपत्री कशी वाळवायची यावर दोघींनी एक अख्खी दुपार घालवली. रुकय्याचं इंग्रजी हेलकावे खात यायचं, शहनाझचं ठेचकाळत. पण दोघींचं अडत नव्हतं.

अडलं ते रमझानात. बिल्डिंगमधल्या बायका कुराण वाचायला शहनाझकडे जमत. तिच्या उच्चारांना मान होता, सगळ्या तिला आपा म्हणत. त्या दिवशी रुकय्याही पांढरी ओढणी घेऊन येऊन बसली. तिच्या पुस्तकात अरबी होतं, पण इंग्रजी अक्षरांत लिहिलेलं. तिनं दोन ओळी वाचल्या आणि खालच्या मजल्यावरची उझमा शहनाझकडे झुकली.

"आपा, हे चालतं काय? नाव जोसेफ, आणि कुराण इंग्लिशमधे."

दोघी-तिघी ओढणीआड हसल्या. शहनाझनं रुकय्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि तिला गोड आवाजात इफ्तारचे खजूर भरायला आत पाठवलं. तिच्या वाटचं उझमानं वाचलं.

दुसऱ्या दिवशी भांडी पुसताना रुकय्यानं एवढंच विचारलं, की मला अक्षरं शिकवाल का? बेटावरच्या मशिदीत मुलांना कुराण शिकवणाऱ्या सिस्टर मरियमची नजर गेली होती. पाठ होतं तेवढ्यावर त्या निभावून नेत होत्या. रुकय्या परत गेली की मुलं तिच्याकडेच येणार होती; दुसरं कुणी नव्हतंच.

"इन्शाल्ला," शहनाझ म्हणाली.

इथं इन्शाल्ला म्हणजे बहुतेकदा नाही. पगारवाढ मागितली की मालक इन्शाल्ला म्हणतो, नळ दुरुस्त करणारा उद्या येतो सांगताना इन्शाल्ला म्हणतो. रुकय्याच्या बेटावर त्याचा अर्थ अजून होकारच होता. ती कायदा विकत घेऊन आली आणि वाट पाहू लागली. शहनाझ कधी डोकं दुखतं म्हणायची, कधी पाहुणे येणार आहेत म्हणायची. मुलांच्या ओळीत ही बाई बसलेली उझमानं पाहिली तर काय म्हणेल, आयांनी पोरं पाठवायची बंद केली तर आपल्याला आपा कोण म्हणेल, याची तिला धास्ती होती. पुढं रुकय्यानं विचारायचं सोडलं, तेव्हा शहनाझला हायसं वाटलं होतं.

आणि आता ती दारामागे बसली होती. कधीपासून, हे विचारायची शहनाझला हिंमत झाली नाही. बाहेर ये, असं म्हणायला तिनं तोंड उघडलं, तोच उझमाचा आवाज हॉलमध्ये शिरला. ती लेकीला न्यायला आली होती. शहनाझ बाहेर आली आणि मागे हात नेऊन तिनं स्वयंपाकघराचं दार लावून घेतलं. आवाज होऊ नये म्हणून हळूच.

"आत कोण आहे?" उझमानं विचारलं.

"कोणी नाही," शहनाझ म्हणाली.

तेव्हापासून सबकाच्या वेळी दार लावलेलंच राहू लागलं. पलीकडे कोण आहे ते शहनाझला ठाऊक होतं. ती जरा मोठ्यानं शिकवू लागली. एवढं तरी आपण करतोय, अशी स्वतःची समजूत घालायची आणि जेवताना सुरमईची मोठी तुकडी रुकय्याच्या ताटात वाढायची. पण तिच्या नजरेला नजर देणं जमत नव्हतं.

शाळेचं वर्ष संपलं, त्याबरोबर रुकय्याचं काँट्रॅक्टही. एअरपोर्टवर नूरुद्दीन बॅगा उतरवत असताना तिनं शहनाझला घट्ट मिठी मारली आणि शिकवल्याबद्दल आभार मानले. टोमणा नव्हता. टोमणा असता तर बरं झालं असतं.

परतताना शहनाझनं नवऱ्याला सगळं सांगून टाकलं.

"बोलवायचं होतंस ना तिला बाहेर," गाडी चालवता चालवता तो म्हणाला. "कोण काय करणार होतं?"

कोणीच काही करणार नव्हतं. ते आता तिलाही दिसत होतं.

उन्हाळा सरला. एका शनिवारी अस्रनंतर, म्हणजे दुपारच्या उशिराच्या नमाजानंतर, मुलं सबक घेत असतानाच शहनाझचा फोन वाजला. रुकय्याचा व्हिडिओ कॉल. तिकडे सकाळ होती. मशिदीच्या ओसरीवर चटई, चटईवर सात-आठ मुलं, आणि मागे खुर्चीत मान कलती करून ऐकणारी एक म्हातारी. त्याच सिस्टर मरियम. ही माझी टीचर, असं रुकय्यानं शहनाझकडे बोट दाखवून सांगितलं. मुलांनी सलाम केला. आता ऐका आणि चुकलं तर सांगा, ती म्हणाली.

मुलं म्हणू लागली. चाल शहनाझची होती. शेवटचं अक्षर ओढून सोडायची, श्रीवर्धनच्या मौलवींकडून तिच्याकडे आलेली. श्वास घ्यायच्या जागासुद्धा तिच्याच. मग ऐन हे अक्षर आलं, आणि सगळ्यांनी ते सपाट 'अ' म्हटलं. एकूण एक मुलानं. ऐन नुसतं ऐकून येत नाही. ते समोर बसवून, गळ्यावर बोट ठेवून दाखवावं लागतं. आणि बंद दारातून ते दिसत नाही.

शहनाझनं मुलांना थांबवलं. इंग्रजी काही केल्या जुळेना, तेव्हा ती हिंदीत म्हणाली, "रुकय्या, उस दिन दरवाजा मैंने बंद किया था. जानबूझकर."

तेवढं हिंदी रुकय्याला येत होतं.

"आय नो, सिस्टर," ती म्हणाली. मग तिच्या त्या हेलकावणाऱ्या इंग्रजीत सांगितलं, की दार लावल्यावर आवाज कमी यायचा, म्हणून ती दाराला कान लावून बसायची. तक्रार नव्हती; झालं तसं सांगितलं. आणि लगेच तिनं विचारलं, मुलांचं काय चुकलं?

उझमा केव्हाचीच येऊन हॉलच्या उंबऱ्यात उभी होती. शहनाझनं तिच्याकडे पाहिलं. मग फोन शेल्फवर टेकवून उभा केला, गळ्यावरची ओढणी बाजूला सारली, घशावर दोन बोटं ठेवली आणि तोंड मोठं उघडून खोलवरून ऐन म्हटलं.

पलीकडे मुलांची बोटं गळ्यांवर गेली. मागे खुर्चीत सिस्टर मरियमही, कोणी न सांगता, आपला गळा चाचपू लागल्या.