वायुपीठातल्या दोराचा संताप

मी एक जुना काथ्याचा दोर आहे. तीनपेडी, मनगटाएवढा जाड, खाऱ्या पाण्याने काळपट पडलेला. जुन्या वस्तू आपली कहाणी सांगताना बहुधा हळव्या होतात. मला मात्र राग आलेला आहे, मित्रांनो, आणि तो लपवायची माझी इच्छा नाही.

सिंगापूरच्या हार्बरफ्रंटवरून आजूबाजूच्या बेटांकडे फेरीबोटी सुटतात. त्यांतली एक बोट कुठल्याच फलकावर दिसत नाही. ती वायुपीठाला जाते. वायुपीठ म्हणजे वारे आणि वादळे यांची विद्या शिकवणारे जादूचे विद्यापीठ. बेटामागच्या दरीत, गोठ्यात म्हशी बांधाव्यात तशी तिथे वादळे बांधून ठेवलेली असतात. समुद्रावरून येणारे झंझावात जहाजांवर कोसळण्याआधी शांत कसे करायचे, ते इथल्या विद्यार्थ्यांना या बांधलेल्या वादळांवर शिकवतात. त्यासाठी वादळाच्या आत शिरावे लागते. बाहेर उभे राहून म्हटलेला मंत्र वादळाला ऐकूच जात नाही. मूल आत शिरले की दुसऱ्या टोकाला त्याला धरून ठेवायचे, हे माझे काम.

मला रत्नाबाईंनी वळले. तेव्हा त्या स्वतःच इथे शिकत होत्या. त्यांची मैत्रीण राधिका एका सुबक, बारीक दोरीच्या भरवशावर वादळात शिरली आणि परत आलीच नाही. दोरीचे तुटलेले टोक तेवढे हाती आले. मग रत्नाबाईंनी काथ्या भिजवला, कुटला आणि किनाऱ्यावर बसून मला वळायला घेतले. प्रत्येक पीळ देताना त्या एकच मंत्र म्हणत, ‘परत ये.’ त्यांचे तळहात सोलून निघाले. माझ्या आतल्या पेडात अजून त्यांचे रक्त आहे.

पुढे त्या इथेच शिकवू लागल्या, आणि माझे कामाचे दिवस सुरू झाले. मुले मला कमरेला बांधत. बाई प्रत्येकाची गाठ स्वतः ओढून बघत. कितीही घाई असो, त्यांचा हात गाठीवर आल्याशिवाय कुणी आत जात नसे. मुले बाहेर यायची ती चिंब भिजून, केसांत विजेच्या ठिणग्या घेऊन. कुणी हसायचे, कुणी रडायचे, एक तर माझ्यावरच ओकला. पण सगळी परत यायची. मला मिठ्या मारायची. त्या कौतुकाने मी सुखावत असे, हे कशाला नाकारू?

त्या मुलांत निशिकांत नावाचा एक मुलगा होता. हुशार, पण भित्रा. त्याला मी वादळातून ओढून काढले तेव्हा तो मला दोन्ही हातांनी घट्ट धरून बसला होता. तोच निशिकांत मोठा होऊन वायुपीठाचा कुलगुरू झाला. आणि एके दिवशी प्राध्यापकांच्या सभेत माझ्याकडे बोट दाखवून म्हणाला, “रत्नाबाई, वर्धापनदिनाला पालक येणार, बाहेरचे पाहुणे येणार. त्यांच्यासमोर हे असलं मासळीचा वास मारणारं काहीतरी मुलांच्या कमरेला बांधायचं?”

“वास येतो, पण धरतो,” बाई म्हणाल्या.

“मी चांदीचे मंतरलेले लांब पट्टे मागवलेत. हलके आहेत, चमकतात. फोटोतही छान दिसतील.”

“ते वादळात घालून पाहिलेत का?”

“बाई, काळाबरोबर चालायला हवं ना?”

हे उत्तर नव्हे, मित्रांनो. पण सभागृहातले बाकीचे सगळे प्राध्यापक मान डोलावत राहिले. मला दरीच्या तोंडाशी असलेल्या कोठीत टाकण्यात आले.

वर्धापनदिनाला पहिली उभी राहिली श्रिया. सिंगापुरातल्या चोआ चू कांग या वस्तीत राहणारी, वर्गात सगळ्यांत आधी हात वर करणारी. तिचे बाबा परेश जहाजावर इंजिनिअर आहेत. बाबांच्या वाटेवरची वादळे आपण शांत करायची, म्हणून ती वायुपीठात आली होती. आई मेधा बँकेतून अर्ध्या दिवसाची रजा काढून आली होती आणि पुढच्या रांगेत बसली होती.

श्रियाने खांबाला अडकवलेल्या पट्ट्याचे टोक कमरेला लावले. बक्कल लागल्याचा खट्ट असा आवाज झाला. तो सगळ्यांनी ऐकला, कोठीच्या दारातून मीही ऐकला. ती आत शिरली. पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या. टाळ्या संपायच्या आधी पट्टा मधोमध तुटला.

वादळाने तिला वर उचलले आणि आपल्या पोटात ओढले. कुलगुरू ओरडत होता, “पाहुण्यांना आत घ्या! आधी पाहुण्यांना आत घ्या!” रत्नाबाई मात्र कोठीकडे धावल्या. त्यांनी मला खांद्यावर टाकले, माझे एक टोक खांबाला बांधले आणि दुसरे स्वतःच्या कमरेला. आपल्या वयाचा विचार न करता त्या आत शिरल्या. मी इतका कधीच ताणलो नव्हतो. माझे धागे तटातट तुटत होते. पण बाईंनी श्रियाला धरले आणि मी दोघींना बाहेर आणले.

श्रिया वाचली. तिला डाव्या कानाने ऐकू येईनासे झाले. वादळाने जे नेले ते पुन्हा आले नाही.

मला राग आला तो वादळाचा नाही. वादळ वादळासारखेच वागणार. मला राग आला तो पुढच्या सभेत.

ओला, गुंडाळलेला मी तिथेच कोपऱ्यात पडलो होतो. श्रिया आणि मेधा यांनाही बोलावले होते. कुलगुरू निशिकांत शांतपणे म्हणाला, “दुर्दैवी घटना आहे. मुलीने घाईत पट्टा नीट लावला नव्हता.”

कानाला पट्टी बांधलेली श्रिया उभी राहिली आणि आपल्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाली, “सर, आय लॉक्ड इट. एव्हरीबडी हर्ड इट, लाह!”

प्राध्यापक समोरचे कागद चाळू लागले.

“माझी मुलगी खोटं बोलत नाही,” मेधा म्हणाली. “आणि तुम्ही तिच्या कानाबद्दल एक शब्दही विचारला नाहीत.”

रत्नाबाईंनी तुटलेला पट्टा टेबलावर ठेवला. त्याचे बक्कल अजून बंद होते. बंद! तुटली होती ती चांदी. आंधळ्यालाही हाताने कळले असते. निशिकांतने तो पट्टा उचलला, आपल्या खणात ठेवला आणि म्हणाला, “पुढचा विषय.”

पुढचा विषय होता श्रियाला निलंबित करण्याचा. त्यानंतरचा विषय मी. माझा सत्कार ठरला! मला धुऊन, सुगंधी तेल लावून, सभागृहात दरीवरच्या खिडकीपाशी काचेच्या पेटीत ठेवले. खाली सोनेरी अक्षरांत लिहिले, ‘वायुपीठाचा गौरवशाली वारसा’. रोज काच पुसली जाई. येणारेजाणारे नमस्कार करत. आणि तिकडे दरीत मुलांसाठी त्याच चांदीचे नवे पट्टे आले होते. मित्रांनो, तोंड बंद करायला कधीकधी हार घालतात, हे मला त्या पेटीत कळले.

वर्ग पुन्हा सुरू झाला त्या दिवशी रांगेत पहिली मीनल होती, श्रियाची मैत्रीण. तिने पट्टा हातात घेतला, वाळूवर ठेवला आणि त्याच्याशेजारी मांडी घालून बसली. तिच्या मागचाही बसला. मग सगळी रांग बसली.

“हे बंड आहे!” कुलगुरू ओरडला. “सगळ्यांना काढून टाकीन!”

“काढा, सर,” मीनल म्हणाली. “पण हे घालून आम्ही आत जाणार नाही. आणि श्रियाला परत बोलवा.”

रत्नाबाई दरीतून तडक वर, माझ्या पेटीपाशी आल्या. दगडी पेपरवेटने त्यांनी माझी काच फोडली. “ही विद्यापीठाची ठेव आहे!” असे मागून कुणीतरी म्हणाले. “मी वळलाय तो,” बाई म्हणाल्या आणि मला खांद्यावर घेऊन दरीत उतरल्या. काचेचे कण अजून माझ्यात रुतलेले आहेत.

पट्टे गेले. ते वाईट होते, असे कुणी म्हटले नाही. श्रियाला परत घेतले, पण ‘सहानुभूतीपूर्वक विचार करून’, जणू तिच्यावर उपकारच केले. निशिकांत अजून कुलगुरू आहे. परवा तो मुलांच्या सुरक्षिततेवर भाषण देत होता आणि मागच्या पडद्यावर माझा फोटो होता. श्रिया मान वळवून, उजवा कान पुढे करून ते ऐकत होती. मला आग लागली असती तर बरे झाले असते, असे वाटले.

माझे धागे सुटत चालले आहेत. रत्नाबाई आणि श्रिया संध्याकाळी बसून नवा दोर वळतात. तो माझी जागा घेईल, आणि त्याचा मला आनंद आहे.

पण तुम्हाला एक सांगतो. ज्याच्या भरवशावर कुणाचा जीव आहे, ती वस्तू दिसते कशी हे पाहू नका, ती ओढून पाहा. आणि कुणी पडले, तर ‘तूच नीट धरले नसशील’ असे म्हणण्याआधी त्याला हात द्या. तो उभा राहिला, की मग वर बघा आणि मोठ्याने विचारा, दोर कुणी बदलला होता?