बंद सर्व्हिसचे मेसेज

‘उद्या पाणी येणार नाही’ हा चाचणीचा मेसेज चुकून अख्ख्या शहराला जाऊ लागला, तेव्हा पाणीखात्यातल्या सर्व्हरवालीने ताबडतोब मेसेजची मुख्य सर्व्हिस बंद केली. स्क्रीनवर ‘बंद’ असं ठळक दिसलं आणि साहेबांनी सुटकेचा निःश्वास टाकला. तेवढ्यात तिच्या मावशीचा फोन आला.

“अगं, आत्ताच पुन्हा मेसेज आला! बादल्या भरून झाल्या, आता पातेली भरतेय.”

“मावशी, नळ बंद कर. उद्या पाणी येणार आहे.”

“तुझंच खातं नाही म्हणतंय ना?”

सर्व्हरवाली खुर्चीतून उठली, बसली, पुन्हा उठली. सर्व्हिस तर मेली, मग हे बोलतंय कोण? आणि एकदम तिच्या डोक्यात प्रकाश पडला. सर्व्हिस रीस्टार्ट केली की मेसेज अर्धवट राहायचे, म्हणून तिनेच मागे सेटिंग बदललं होतं: मुख्य सर्व्हिस थांबली, तरी त्या सर्व्हिसने सुरू केलेल्या चाइल्ड प्रोसेसना, म्हणजे प्रत्यक्ष मेसेज पाठवणाऱ्या छोट्या प्रोग्रामना, हात लावायचा नाही. त्या मेल्या इमानेइतबारे आपापल्या वाट्याच्या फोन नंबरांना मेसेज पाठवत बसल्या होत्या!

दातओठ खात तिने एकेक शोधून मारली. शेवटची गेली, तशी मावशी फोनवर म्हणाली, “थांबले गं एकदाचे.”

इतक्यात दार ढकलून पंपवाला आत आला. “साहेब, सगळं शहर एकदम पाणी भरत सुटलंय. टाकीचा तळ दिसायला लागला. उद्या पाणी नाही.”

साहेबांनी हळूच तिच्याकडे पाहिलं. “तो मेसेज,” ते म्हणाले, “परत पाठवता येईल का?”