मावशीचं एक वाक्य

आमची मावशी आजवर कितीतरी वेळा मेली आहे. विहिरीत, तळघरात, एकदा तर आंघोळ करताकरता. भुताखेतांच्या त्या जुन्या, स्वस्तातल्या सिनेमांत जी बाई अपुऱ्या कपड्यांत किंचाळत फिरते आणि मध्यंतराआधीच मरते ना, ती आमची मावशी. आई म्हणते, पोस्टरवर हिचा चेहरा सोडून बाकी सगळं छापायचे. हसत म्हणते, पण आईच्या लग्नाच्या एकाही फोटोत मावशी नाही. तिला बोलावलंच नव्हतं. अजूनही आई माझ्या हाती डबा पाठवते, स्वतः काही तिच्या खोलीची पायरी चढत नाही.

शाळेच्या नाटकात मला मुख्य भूमिका मिळाल्यापासून मी मात्र तिथेच पडीक असते. मावशीने सांगितलं, त्या सिनेमांचे संवाद शूटिंगपर्यंत लिहूनच व्हायचे नाहीत. मग दिग्दर्शक म्हणायचा, नुसते आकडे म्हण. रागात एकपासून, प्रेमात अकरापासून. नंतर डबिंगला दुसरीच बाई आवाज द्यायची. किंकाळीसुद्धा उसनी.

"माझा आवाज कुणी ऐकलाच नाही गं," म्हणाली आणि चहाचं आधण बघायला उठली.

म्हणून एका नव्या दिग्दर्शिकेने तिला बोलावलं, तेव्हा तिच्यापेक्षा मीच जास्त नाचले. भूमिका आईची, वाक्य एकच, आणि आवाज जागच्या जागी रेकॉर्ड होणार! रुसून गेलेला मुलगा दारात येतो आणि ती म्हणते, "ये. कुलूप चोरांसाठी होतं, तुझ्यासाठी नव्हतं." मावशीने ते भांडी घासताना म्हटलं, जिना उतरताना म्हटलं. आईला कळलं तर म्हणे, आता खरा चोर आला तरी त्याला ये म्हणेल.

शूटिंगला मी सोबत होते. दिवे लागले, दार वाजलं, मावशीने उघडलं. तिचे डोळे भरून आले. मग ती म्हणाली, "अकरा, बारा, तेरा, चौदा..."

कुणी हसलं नाही. पुन्हा घेतलं, पुन्हा तेच. तोंडावर दिवे पडले की जीभ आपली आकड्यांवर.

दिग्दर्शिका भली होती. म्हणाली, चेहरा सुंदर आलाय, आवाज नंतर घेऊ, तुमचाच घेऊ. मावशी पदराने रंग पुसत राहिली.

"नको. दुसऱ्या कुणाचा तरी घाला. सवय आहे मला."

मी घरी जाऊन आईला सगळं सांगितलं. वाटलं, आता एखादा टोमणा येणार. आईने सरळ चपला घातल्या आणि निघाली, मी मागोमाग. मावशीच्या दारापाशी जराशी घुटमळली, मग कडी वाजवली.

मावशीने दार उघडलं, आईकडे बघतच राहिली.

"ये," ती म्हणाली. "कुलूप चोरांसाठी होतं, तुझ्यासाठी नव्हतं."

एक शब्द इकडचा तिकडे झाला नाही. ऐकायला फक्त आम्ही दोघी होतो.