सुटलेलं माणूस

दौंडात मी लग्नांचं शूटिंग करतो. या धंद्यात एकच पाळायचं असतं: मांडवातलं एकही वडीलधारं माणूस सुटता कामा नये. एकदा एका नवरीची आत्या कॅसेटमध्ये दिसली नाही, तर त्या घरानं माझ्याशी बोलणं टाकलं.

म्हणून २००१ साली राहू गावच्या सुलक्षणानं कॅमेरा घेऊन बोलावलं तेव्हाच मी सांगितलं, "ताई, मला फक्त लग्नातलं जमतं." ती पुण्यात सिनेमा शिकत होती. आणीबाणीत बळजबरीनं झालेल्या नसबंदीवर तिला फिल्म करायची होती, आणि गावातले हरिबा बोलायला तयार झाले होते.

हरिबांच्या अंगणात कॅमेरा लावला. त्यांची बायको म्हाळसामामी चुलीपाशी होत्या. मागं बाजेवर सुलक्षणाचे वडील, सावळाराम गुरुजी. लेकीचं काम बघायला आले होते बिचारे.

"शहात्तर साल. लगीन होऊन वरीस बी झालं न्हवतं," हरिबा सांगू लागले. "दाखल्यावर अंगठा द्यायचाय म्हणून एकानं दौंडला नेलं. तितं पोलिसांनी कोंडलं आन् टेबलावर घातलं. लाजंपायी मी कुणाला बोललो न्हाई. पोर होईना तवा गाव हिलाच वांझ म्हणालं. पंचवीस वर्सं हिला कुणी ओटी भराया बोलावलं न्हाई."

"कुणी नेलं, मामा?"

"नाव ऱ्हाऊ द्या, ताई."

कुणी बोलेनासं झालं की माझा हात आपसूक फिरतो. म्हाळसामामींना घेतलं, मग बाजेवरच्या गुरुजींना, आणि तिथंच थांबलो. वडीलधारं माणूस, सवयीनं जरा जास्त वेळ घेतलं.

कॅमेऱ्याचा लाल दिवा आपल्याकडं वळलेला पाहून गुरुजी उभे राहिले. आपल्यालाच विचारलंय असं त्यांना वाटलं असावं.

"मी नेलं," ते म्हणाले. "प्रत्येक मास्तरला नसबंदीचा आकडा दिला होता. माझा एक कमी पडत होता. नोकरी गेली असती."

सुलक्षणाचा चेहरा बघवेना. "कॅमेरा बंद कर," ती मला म्हणाली.

"चालू ऱ्हाऊ दे," म्हाळसामामी चुलीपासून उठल्या. "गुरुजी, मी वांझ न्हवते, येवढं गावापुढं सांगाल का?"

गुरुजींनी मान डोलावली, मग ते लेकीकडं वळले. "यातलं काही कापू नकोस."

तिनं कापलं नाही. देवळापुढं फिल्म दाखवली तेव्हा गुरुजी पहिल्या रांगेत मान खाली घालून बसले होते. मला त्यांचा रागही आला आणि दयाही.

पुढच्या महिन्यात त्यांच्याच सुनेचं डोहाळजेवण होतं. शूटिंगला मीच. गुरुजींच्या बायकोनं, सारजाबाईंनी, पहिली ओटी भरायला म्हाळसामामींना हाक मारली. जमलेल्या बायकांत मामी ताटापुढं उभ्या राहिल्या.

"आधी नारळ, का आधी तांदूळ?" त्यांनी हळूच विचारलं.