ताटात लिहिलेलं नाव

“कागदावर या दोन वेगळ्या बायका आहेत, मॅडम,” पासपोर्टच्या काउंटरमागचा अधिकारी म्हणाला. त्याचा आवाज जराही चढला नव्हता, तेच तिला जास्त झोंबलं. त्याने एका बाजूला शाळेचा दाखला आणि नर्सिंगची नोंदणी ठेवली: प्रतिभा खंडेराव कुटे. दुसऱ्या बाजूला आधार आणि पॅन: हर्षाली मनोज पाळदे.

“दोन्ही मीच, सर. लग्नात नाव बदललं.”

“नुसतं आडनाव बदललं असतं तर ठीक. तुमचं पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळंच वेगळं आहे. विवाह नोंदणीचा दाखला आहे?”

नव्हता. सायखेड्याला मांडवात लग्न लागलं, गावच्या गाव जेवून गेलं, पण नोंदणी कुणाच्या डोक्यातही आली नाही. मनोजने ताटात तांदूळ पसरून अंगठीने ‘हर्षाली’ लिहिलं, बायकांनी टाळ्या वाजवल्या आणि प्रतिभा तिथंच संपली. वर ती स्वतःच हौसेने आधार केंद्रावर जाऊन ते नाव पक्कं करून आली होती. आज त्या हौसेचाच तिला सगळ्यात जास्त राग येत होता.

“परदेशात जायला नवऱ्याची परवानगी लागते का?”

“अजिबात नाही. सज्ञान बाईला कुणाचीच लागत नाही.” त्याने कागद परत सरकवले. “पण तुम्ही तुम्हीच आहात, याचा पुरावा लागतो. नोंदणीचा दाखला आणा, पुढचं होऊन जाईल. नाहीतर नाव बदलल्याची पेपरात जाहिरात, सरकारी राजपत्रात नोंद. त्यात वेळ जातो.”

वेळच तर नव्हता. जर्मनीतल्या एका रुग्णालयाने तिची आणि सोबत नर्स असलेल्या चैतालीची निवड केली होती. वर्षभर दोघी ड्युटी संपवून, पेंगत पेंगत भाषेच्या वर्गाला गेल्या होत्या. महिनाअखेर पासपोर्ट दाखवला नाही, तर जागा दुसरीला जाणार. आणि लग्नाच्या नोंदणीला नवरा-बायको दोघंही समोर लागतात. देवळाली कॅम्पचं सासरचं घर सोडून तिला चार वर्षं झाली होती.

त्याच दुपारी ती बसने तिथं गेली. पाया पडायचीसुद्धा तयारी ठेवून गेली.

“आली का महाराणी!” सासू, कुसाबाई, ओट्यावर लसूण सोलत बसल्या होत्या. “इतकी वर्सं घर नाय आठवलं. आता कागुद पायजे म्हणून आठवलं व्हय?”

“हो आई. कागदासाठीच आलेय.”

मनोज जेवून हात पुसत बाहेर आला. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि हसला. “म्हणजे माझ्या सहीशिवाय तुझं विमान उडत नाही तर.”

“तुमची परवानगी नकोय मला. आपलं लग्न झालं होतं, एवढंच सांगायला चला.”

“येतो की. पण आधी सामान घेऊन इथं ये. सहा महिने नीट नांदून दाखव. मग बघू सहीचं.”

“नाव आमी ठेवलं, लय हौसेनं ठेवलं,” कुसाबाई म्हणाल्या. “नांदायचं नसंल तर आमचं नाव आमाला परत दे, अन् जा कुठं जायचं तिकडं.”

प्रतिभाने कागदांची पिशवी खांद्याला अडकवली. 

“घ्या परत,” ती म्हणाली. “आजवर एवढी एकच शहाणपणाची गोष्ट बोललात तुम्ही.” मग ती मनोजकडे वळली. “आणि तू. अख्ख्या गावासमोर ताटात नाव लिहायला पुढं सरसावलास. ‘ते नाव हिचंच आहे’ एवढं सांगायला तुझी जीभ झडते का?”

लग्नापासून तिने त्याला कधी एकेरीत बोलावलं नव्हतं. मनोजचं हसू चेहऱ्यावरच अडकलं.

“नवऱ्याला अरे-तुरे करती व्हय गं?” कुसाबाई कडाडल्या.

“नवरा आहे ना? मग उठा आई, हेच येऊन साहेबाला सांगा.”

कुणीही उठलं नाही.

बसस्टॉपवरून तिने चैतालीला फोन लावला. “तू जा. नांदायला आल्याशिवाय तो सही देत नाही. या बॅचला माझं होत नाही.”

“अगं, एका सहीचा तर प्रश्न आहे! जाऊन राहा चार दिवस, कर नाटक. तिकडे पोचल्यावर कोण विचारतंय?”

“नाही.”

 चैताली बारीक आवाजात म्हणाली, “मग तिथं खोलीत माझ्यासोबत कोण?”

 प्रतिभाने फोन ठेवला.

नाशिकला उतरून ती थेट एका वर्तमानपत्राच्या ऑफिसात गेली. जाहिराती घेणाऱ्या माणसाने तिचा मजकूर मोठ्याने वाचून दाखवला. सोफ्यावर बसलेल्या दोन अनोळखी माणसांनी माना वळवून ऐकलं. “मी, हर्षाली मनोज पाळदे, यापुढे प्रतिभा खंडेराव कुटे या नावाने...”

“बरोबर?”

“बरोबर.”

“लग्नानंतर बदलायला खूप जणी येतात,” तो म्हणाला. “उलटं करायला फार कुणी येत नाही. करा, इथं सही करा. नव्या नावाची.”

“जुन्या,” ती म्हणाली.

तिने पेन उचललं आणि जोरात दाबून सही केली. त्याने फॉर्म ओढून घेतला, तेव्हा गठ्ठ्यातल्या खालच्या कोऱ्या फॉर्मवरही तिचं नाव उमटलेलं होतं, शाईशिवाय.