धाकट्याचा ट्रॅक

दौरा संपला आणि सगळ्या गावांचे कार्यक्रम एका हार्ड डिस्कवर माझ्या रेकॉर्डिंगच्या खोलीत येऊन पडले. प्रत्येक वाद्याचा ट्रॅक वेगळा, दादांच्या आवाजाचा वेगळा, टाळ्यांचा वेगळा. त्यातून मला एक अल्बम काढायचा होता. दादांचा पहिलाच. इलेक्ट्रिक गिटारवर ब्लूज गाता गाता त्यांचे केस पांढरे झाले, पण बंद खोलीत माइकसमोर उभं केलं की त्यांचा आवाज फुटायचा नाही. समोर माणसं लागतात, म्हणायचे. म्हणून मी दौऱ्यावर त्यांच्याबरोबर हिंडले आणि प्रत्येक कार्यक्रम रेकॉर्ड केला.

मिक्सिंगच्या पहिल्याच दिवशी ते म्हणाले, "बेसचा ट्रॅक काढून टाका. नवा माणूस सांगितलाय, तो वरून वाजवेल."

बेस गिटार त्यांचा भाऊ वाजवायचा, मंचावर त्यांच्या डाव्या हाताला उभा राहून. त्याचंही वय झालं होतं, तरी सगळे त्याला धाकटाच म्हणत. दादा मंचावरून वादकांची ओळख करून द्यायचे आणि त्याच्यापाशी आले की म्हणायचे, हा माझा धाकटा, याला काही येत नाही, आईने सांभाळायला सांगितलंय म्हणून घेऊन फिरतो. लोक हसायचे. धाकटा मान खाली घालून हसल्यासारखं करायचा. शेवटच्या गावात त्याने तसं केलं नाही. उरलेली गाणी मात्र पूर्ण वाजवली, गिटार पेटीत ठेवली, आणि बसमध्ये न चढता चालत निघून गेला. नंतर त्याने दादांचे फोन उचलले नाहीत, तेव्हा दादांनीही करणं सोडलं. त्याच्यावाचून काही अडत नाही, असं ते मला सांगत होते. अल्बमने तेच दाखवून द्यावं अशी त्यांची इच्छा होती.

मी ट्रॅक बंद केला. धाकटा पूर्ण गेला नाही. मंचावर सगळे दाटीवाटीने उभे असतात, त्यामुळे प्रत्येकाच्या माइकमध्ये शेजाऱ्याचा आवाज थोडा शिरतोच. ड्रमच्या माइकमध्ये तो होता, दादांच्या गाण्याच्या माइकमध्येही होता, भिंतीपलीकडे कुणी बोलत असावं तसा.

"अजून वाजतोय का तो?" दादांनी विचारलं.

एवढं राहणारच, वरून नवा बेस आला की झाकलं जाईल, असं मी सांगितलं.

नवा वादक तरुण होता, नीटनेटका, सगळी गाणी पाठ करून आलेला. पहिल्या गाण्याच्या दुसऱ्या कडव्यात तो अडखळला. मी मागे जाऊन पुन्हा सुरू केलं, तो पुन्हा तिथेच अडखळला. आणखी काही वेळा तसंच झाल्यावर त्याने हेडफोन गळ्यात उतरवला आणि अदबीने म्हणाला, "काका, इथे तुम्ही दोन मात्रा खाल्ल्यात."

"मी जेवून आलोय," दादा म्हणाले.

हसायला खोलीत कुणी नव्हतं. मी स्क्रीनवर मोजून दाखवलं. ब्लूजचं आवर्तन बहुतेक वेळा बारा मापांचं असतं, म्हणजे चार-चार मात्रांच्या बारा गटांचं. दादांचं कधी त्याहून लांब भरायचं, कधी आखूड. एखादा शब्द आवडला की ते त्याच्यावर रेंगाळायचे, मनात पुढची ओळ आली की आधीच तिच्यावर उडी मारायचे. प्रत्येक गावात वेगळ्या ठिकाणी. दादांना ते पटेना. माझी लय पक्की आहे, म्हणाले, चुकत असतो तर दौऱ्यात एकदा तरी गाणं मोडलं नसतं का?

प्रश्न रास्त होता. मी बाकीचे सगळे ट्रॅक बंद केले आणि फक्त धाकट्याचा लावला.

बेस एकटाच सरळ चालत होता. मग त्या जागी आला आणि एका सुरावर थांबला. तोच सूर हलक्या हाताने परत परत छेडत राहिला, आणि मग एकदम पुढच्या सुरावर गेला, कुणीतरी आत्ताच दार उघडल्यासारखा. दुसऱ्या गावातला तोच तुकडा लावला. तिथे तो अर्ध्यातूनच वळला होता. दादांचा आवाज नसल्यामुळे त्याचं दादांसाठी थांबणं उघडं पडलं होतं. ड्रमरची नजर कायम धाकट्यावर असायची, हे मी दौऱ्यात पाहिलं होतं. का ते आत्ता कळलं.

नव्या वादकाने आवाज न करता आपली गिटार पेटीत ठेवली.

"हे रोजचं?" दादांनी विचारलं.

"रोजचं."

त्यांनी स्क्रीनवर धाकट्याच्या ट्रॅकच्या रेषेवर बोट ठेवलं. मग म्हणाले, "ठेवा त्याला. आवाज थोडा वर घ्या."

ठेवायचं तर त्याची परवानगी हवी होती. दादांचा फोन त्याने उचलला नाही, तेव्हा मी माझ्या फोनवरून लावला. धाकट्याने फक्त एवढंच विचारलं की आवाज स्वच्छ आलाय ना. मग म्हणाला, ठेवा, माझी हरकत नाही. दादा इथेच बसलेत, फोन देऊ का, असं मी विचारलं. पलीकडून भांडी घासल्याचा आवाज येत होता. घासणं थांबलं.

"नको," तो म्हणाला. "दादाला सांगा, आता मोजायला शीक म्हणावं."

मी ते होतं तसंच सांगितलं. शब्द बदलायचा मला अधिकार नव्हता. दादांनी मान हलवली आणि चष्मा पुसला.

अल्बम निघाला. लोकांना तो आवडला, त्यामुळे पुढचा दौराही ठरला. बेसवर तो तरुण वादक आहे. तो चांगला आहे, पण तो कागदावर लिहिलंय तसंच वाजवतो आणि कुणासाठी थांबत नाही.

हल्ली दादा दुपारी माझ्याकडे येतात. काचेपलीकडच्या खोलीत बसून ठोके देणारं यंत्र लावतात आणि एक, दोन, तीन, चार असं मोठ्याने मोजतात. मोजलं की गाता येत नाही, आणि गायला लागले की मोजणं सुटतं. शब्दावर रेंगाळायचं झालं की ते अजून डावीकडे बघतात. तिथे एक खुर्ची आहे, तिच्यावर मी केबल गुंडाळून ठेवते. तोवर ठोके पुढे गेलेले असतात. दादा यंत्र बंद करतात आणि पहिल्यापासून मोजायला लागतात.