पाचवा आवाज

आम्ही चौघं पुरुष डोक्याला डोकं लावून उभे राहतो आणि स्तोत्र गातो. सूर नेमके जुळले की वर कुठेतरी पाचवा आवाज उमटतो. बाईचा. तो कुणीच गात नसतं. गावात त्याला क्विंतिना, म्हणजे पाचवी, म्हणतात. म्हाताऱ्या बाया तो ऐकला की छातीवर क्रूसाची खूण करतात.

मी त्यातला खर्जवाला. माझ्या डाव्या हाताला लुसोरियू, सगळ्यांत वरचा सूर त्याचा. त्याची बायको मद्दलेना एका हिवाळ्यात साध्या तापाचं निमित्त होऊन गेली. त्यानंतर तालमीला तो सगळ्यांच्या आधी येऊन बसायचा. एकदा गाणं संपल्यावर म्हणाला, "आज लवकर आली." आम्हाला वाटलं, क्विंतिनाबद्दल बोलतोय.

त्या वर्षी शहरातून गाविना ओज्जानो नावाच्या प्रोफेसरबाई आल्या होत्या. चारशे वर्षांपूर्वी मोठ्या चर्चमधून चार आवाजांत स्तोत्रं कशी गात असत, हा त्यांचा अभ्यास. "जुन्या वह्यांत सूर लिहिलेत हो," त्या म्हणायच्या, "पण गळा कुठे लिहिलाय? तो तुमच्याकडे उरलाय." प्रत्येकाच्या गळ्याशी त्या एकेक माइक बांधत आणि चारही आवाज वेगवेगळे टिपून घेत.

एका रविवारी तालमीनंतर चीज आणि वाइन घेऊन बसलो असताना लुसोरियूने त्यांना विचारलं, "बाई, मद्दलेनाचा आवाज तेवढा वेगळा काढून द्याल? घरी लावीन म्हणतो."

मधला सूर धरणारा बाइंझू म्हणाला, "अरे, जिवंत होती तेव्हा तर म्हणायचास, जरा तोंडाला कुलूप लाव!"

लुसोरियूही हसला. बाई हसल्या नाहीत. त्यांनी त्याला शेजारी बसवलं आणि एकेक आवाज बंद करून दाखवला. माझा खर्ज काढला, पाचवा गेला. लुसोरियूचा काढला, तरी गेला.

"तो कुणाचाच नाही, लुसोरियूदादा. तुमचे चार सूर एकमेकांत मिसळले की तो तयार होतो." मग, त्याला पटावं म्हणून, त्यांनी त्यांच्या गुरूंनी आमच्याच गावात केलेलं एक जुनं ध्वनिमुद्रण लावलं. गात होते आमचे आजे. आणि वर तोच आवाज. टोकाला तसाच किंचित थरथरणारा.

"हे कधीचं?"

"अठ्ठावन्न सालचं."

"मद्दलेना बासष्टची," लुसोरियू म्हणाला. टोपी उचलून तो निघून गेला. वाइन तशीच राहिली.

"माझं चुकलं का हो?" बाईंनी मला विचारलं.

"खोटं तर नाही बोललात," मी म्हणालो.

त्यानंतर तालमीत पाचवा आवाज येईना. बाईंनी यंत्राच्या पडद्यावर पाहिलं तर लुसोरियूचा सूर केसभर खाली. दर वेळी तेवढाच. इतकं अचूक कुणी चुकून चुकत नाही. मी त्याला बंदराच्या उतारावर गाठलं.

"मुद्दाम करतोयस ना?"

"हो."

"का रे बाबा?"

"माझ्या बायकोच्या आवाजात कुणी परकी बाई बोलते. मी कशाला तिला बोलावू?"

ईस्टरच्या आधीच्या पवित्र सोमवारी मिरवणूक निघाली. टेकडीपर्यंतच्या वाटेत आम्ही थांबून थांबून गायलो. पाचवा आवाज कुठेच आला नाही. दारांत उभ्या बाया एकमेकींकडे पाहू लागल्या. टेकडीवरच्या चर्चमध्ये शेवटचं स्तोत्र सुरू झालं, आणि मधल्याच ओळीत लुसोरियूने तोंड मिटलं. आम्ही तिघं कसेबसे पुढे गात राहिलो.

तेव्हा तो आवाज आला. तिघांवर. स्वच्छ, आणि इतका जवळ की माझ्या मानेवर काटा आला. मागे एक बाई मटकन गुडघ्यांवर बसली.

दुसऱ्या दिवशी माझ्या स्वयंपाकघरात बाई कानाला यंत्र लावून टेकडीवर टिपलेलं ते गाणं पुन्हा पुन्हा ऐकत होत्या. कॉफी गार झाली.

"त्यांनी तोंड मिटलं होतं, नक्की?"

"माझा हात त्याच्या खांद्यावर होता, बाई."

"गुणगुणले असतील."

"असतील."

त्यांनी लुसोरियूच्या माइकचा आवाज एकटाच लावला. नुसता श्वास होता, मधे एकदा आवंढा गिळल्याचा आवाज. त्यांनी वायरी गुंडाळल्या. पुढे त्यांचं जाडजूड पुस्तक निघालं. त्यात त्या सोमवारचा उल्लेख नाही.

त्याच संध्याकाळी मी लुसोरियूकडे गेलो. तो द्राक्षाच्या वेली छाटत होता.

"ऐकायचंय का तुला?"

"नको. काल ऐकला की. गाताना नीट ऐकू येत नाही रे. काल पहिल्यांदाच पुरता ऐकला."

"मग? ती होती?"

त्याने आणखी दोन फांद्या छाटल्या. "माझं नाव नाही घेतलं तिनं," म्हणाला.

पुढच्या वर्षी तो तालमीला आला. सूर नेमका लावला, आणि आवाज आला. आम्हा तिघांपैकी कुणीही मान वर करून त्याच्याकडे पाहिलं नाही.